सही न मागितलेली बाकी

दिवाळी पाडव्याला वहीपूजन झालं की अण्णांच्या सिमेंट-लोखंडाच्या दुकानात उधारीवाले एकेक करून येत. अण्णा ज्याचं त्याचं पान काढत, आकड्यावर बोट ठेवत आणि खाली ‘बाकी मान्य’ असं लिहून तारखेसह सही घेत. नव्यानेच ठेकेदारी सुरू केलेल्या मला वाटायचं, जुन्या व्यापाऱ्यांची ही रीत असेल.

2012 च्या मे महिन्यात मी कृष्णाकाठच्या एका रस्त्यावरची मोरी आणि तिची संरक्षक भिंत पूर्ण केली. सुशिक्षित बेरोजगार अभियंता म्हणून मिळालेलं ते माझं दुसरंच काम. मोजमापं एमबीत, म्हणजे मोजमाप पुस्तकात, चढली, कामात एक त्रुटी निघाली नाही, आणि अंतिम बिल अडकलं. ‘निधीची एलओसी आली नाही’, ‘मार्चएंडला बघू’. ठेक्याच्या बी-वन करारात माझ्या उशिराला दंडाचं कलम होतं. सरकारी खात्याच्या उशिराचा जाब कुणी विचारत नव्हतं. मजुरांचे पैसे मी आईच्या पाटल्या गहाण टाकून दिले. अण्णांचे 3,80,000 तसेच राहिले.

त्या रकमेबद्दल अण्णा कधी बोलले नाहीत. 2015 च्या जानेवारीत मात्र त्यांनी मला बोलावून घेतलं आणि विचारलं, “पोरी, काम संपून किती दिवस झाले?”

“अडीच वर्षं उलटून गेली, अण्णा.”

“मग मे उजाडायच्या आत साहेबांची लेखी कबुली घे. तोंडी आश्वासन कोर्टात टिकत नाही.”

केलेल्या कामाच्या पैशासाठी दावा लावायला मुदतीचा कायदा तीन वर्षं देतो. त्या तीन वर्षांत देणेकऱ्याने सही करून देणं कबूल केलं, तर सहीच्या तारखेपासून मुदत नव्याने मोजली जाते. हे कलम 18 मला पुढे वकिलांकडून कळलं. अण्णांना ते वहीवरून ठाऊक होतं. मी अर्जामागून अर्ज केले. फेब्रुवारीच्या शेवटी कार्यकारी अभियंत्यांच्या सहीचं दोन ओळींचं पत्र मिळालं: देयक प्रलंबित आहे, निधी मिळताच अदा करू.

त्या दोन ओळींवर माझा दावा उभा राहिला. 2016 मध्ये शासनाला दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 80 ची नोटीस दिली, दोन महिने थांबले, मग दिवाणी न्यायालयात दावा लावला. सरकारी वकिलांचा पहिला मुद्दा मुदतबाह्यतेचाच होता. न्यायाधीशांनी ते पत्र वाचलं आणि मुद्दा तिथेच संपला. 2019 मध्ये निकाल माझ्या बाजूने लागला. तरी पैसे हलले नाहीत. कार्यालयातल्या खुर्च्या-कपाटांच्या जप्तीसाठी दरखास्त टाकली, तेव्हा कुठे रक्कम कोर्टात जमा झाली.

साहित्याचा पुरावा म्हणून अण्णांची वही कोर्टात आली होती. माझे वकील पानं उलटता उलटता माझ्या खात्याशी थांबले. आजूबाजूच्या प्रत्येक खात्यावर दर पाडव्याची सही होती. माझ्या पानावर एकही नव्हती. “हे देणं कधीच मुदतबाह्य झालंय,” ते हळूच म्हणाले. “त्यांनी तुमच्यावर दावा लावला असता तरी चालला नसता.”

त्या रात्री मला झोप लागली नाही. मला मुदत सांभाळायला सांगणाऱ्या माणसाने स्वतःची मुदत सरू दिली होती, आणि त्या अवधीत तीन पाडवे मी त्याच दुकानात पेढा खाऊन परतले होते. सकाळी मी कागदावर लिहिलं की अण्णांचं मुदतबाह्य देणं मी फेडीन, आणि खाली सही केली. असं लेखी वचन 1872 च्या करार कायद्याने बंधनकारक ठरतं. कागद त्यांच्यापुढे ठेवून विचारलं, “माझीच सही का नाही घेतलीत?”

“तू आईच्या पाटल्या गहाण टाकून मजुरांचे पैसे भागवत होतीस,” अण्णा म्हणाले. “त्यात मी वही पुढे केली असती, तर तू दुकानाची पायरी चढायची बंद झाली असतीस.”

पैसे हातात आल्यावर मी आधी त्यांच्याकडे गेले. कोर्टाने मला सहा टक्क्यांनी व्याज दिलं होतं. त्याच दराने सात वर्षांचे 1,59,600 मी मांडून नेले. अण्णांनी मुद्दल मोजून घेतलं. व्याजाचा हिशेब नीट वाचला, बेरीज बरोबर आहे म्हणाले, आणि कागदाची घडी करून माझ्या पानात ठेवून दिली. दुकान आता त्यांचा मुलगा बघतो. दर पाडव्याला मी ती व्याजाची रक्कम घेऊन जाते, आणि तो वही उघडून तीच घडी मला दाखवतो.