मागच्या बाजूचं गाणं

प्रिय भाचेबुवा,


परवा ताईचा फोन आला. तुमच्या बँडने देवाधर्मावर गाणं केलंय आणि ते आता बाहेर काढणार, म्हणून तिचा जीव खालीवर होतोय. ‘तू मामा आहेस, समजाव त्याला,’ म्हणाली. मी गाणं तीनदा ऐकलं. समजावणार नाही, पण जे वाटलं ते फोनवर धड बोलता यायचं नाही, म्हणून हे पत्र.

तुझ्या गाण्यात बुवा, पुजारी, देणगीची पावती, लाउडस्पीकर असा सगळ्यांचा समाचार आहे. टाळ्या पडतील. पण ज्यांच्याकडून पडतील ते आधीच तुझ्या बाजूचे!

एक्सटीसीचं ‘डिअर गॉड’ ऐकलंयस? हा बँड इंग्लंडमधल्या स्विंडनचा. रेल्वेच्या कारखान्याचं गाव, आणि १९८६ साली तो कारखानाही बंद पडला. त्याच वर्षी त्यांचा ‘स्कायलार्किंग’ हा अल्बम आला; टॉड रंडग्रेन या निर्मात्याने केलेला, बँडच्या गायकाशी, अँडी पार्ट्रिजशी, भांडत भांडत. ‘डिअर गॉड’ पार्ट्रिजचं, पण अल्बममधून ते वगळलं गेलं. एवढ्या मोठ्या विषयाला आपण पुरे पडलो नाही, असं त्याला स्वतःलाच वाटत होतं. मग ते ‘ग्रास’ नावाच्या सिंगलच्या मागच्या बाजूला गेलं. मागची बाजू म्हणजे उरलंसुरलं टाकायची जागा. अमेरिकेतल्या काही रेडिओवाल्यांनी मात्र तबकडी उलटी केली आणि हेच गाणं वाजवलं. फोनवर फोन. काही खूश, काही खवळलेले. फ्लोरिडातल्या एका स्टेशनला तर बाँबची धमकी आली. शेवटी तिथल्या गेफेन कंपनीने अल्बम नव्याने छापला, ‘मर्मेड स्माइल्ड’ हे बिचारं गाणं काढून त्या जागी हे घातलं. इंग्लंडमध्ये १९८७ साली ते पुढच्या बाजूला आलं, तर कसंबसं ९९ व्या क्रमांकापर्यंत पोचलं.

हे सगळं सोड. मला सांगायचंय ते वेगळंच.

ते गाणं म्हणजे पत्र आहे, थेट देवाला. लहान मुलांनी देवाला लिहिलेल्या पत्रांची पुस्तकं तिकडे निघायची. पार्ट्रिजला तो प्रकार आवडला नव्हता, त्यातून हे सुचलं. सुरुवातीला नुसती गिटार आणि आठ वर्षांच्या मुलीचा आवाज. मग पार्ट्रिज येतो आणि एकेक तक्रार मांडत चढत जातो: भूक, रोगराई, युद्धं. तू नाहीसच, हे तो देवालाच सांगतो. नसलेल्याला पत्र कशाला लिहायचं? गाण्याची सगळी जान या विसंगतीत आहे. पाठ फिरवता न आलेला माणूस ऐकू येतो त्यात. शेवटी पुन्हा त्या मुलीचा आवाज, आणि आपल्याला कळत नाही की गाणं संपलं की पत्र आत्ता सुरू झालं.

तू म्हणशील, आपल्या जनाबाईने विठोबाला शिव्या घातल्याच की. घातल्या. पण ती घरातल्या माणसाशी भांडत होती. तो नाहीच, असं तिने म्हटलं नाही. पार्ट्रिजने तेही म्हटलं, आणि तरी भांडण सोडलं नाही. अर्थात मध्ये तो वादविवाद स्पर्धेतल्यासारखा मुद्दे मोजायला लागतो. तिथे गाणं खाली येतं, माझ्या मते. त्याचं असमाधान उगाच नव्हतं.

आता तुझ्या दुसऱ्या कडव्याकडे ये. आजी आयसीयूत होती तेव्हा तू नवस बोललास, त्याची एक ओळ आहे आणि ती घाईघाईने उरकून तू परत पावतीबुकाकडे वळतोस. अरे, गाणं तिथे आहे! तो नवस कोणाला बोललास? आजी गेल्यावर त्याचं काय झालं? पुजारी राहू दे बाजूला, ज्याला नवस बोललास त्याच्याशीच बोल.

ताईला मी सांगितलंय की गाणं थांबवायला सांगणार नाही. ती रागावली आहे, आठवडाभर माझ्याशी बोलायची नाही. तू मात्र हेडफोन लावून ‘डिअर गॉड’ दोनदा ऐक, आणि दुसरं कडवं नव्याने लिहिलंस की आधी मला पाठव.

तुझा,
मामा