केपच्या निखाऱ्यावरचा मासा

आपल्याकडे जानेवारीत शेकोटी पेटते ती थंडीमुळे. दक्षिण आफ्रिकेत त्याच महिन्यात अंगणोअंगणी निखारे फुलतात ते उन्हाळ्यामुळे! तिकडे ऋतू उलटे. डिसेंबर ते फेब्रुवारी हा त्यांचा उन्हाळा आणि मासळी, मटण निखाऱ्यावर भाजून चारचौघांनी मिळून खाण्याचा हंगाम. या प्रकाराला तिथे 'ब्राय' म्हणतात. भाची नोकरीनिमित्त केप टाउनला असल्याने आम्हा उभयतांना हा प्रकार पाहण्याचा व चाखण्याचा योग आला.

शहराच्या दक्षिणेला 'काल्क बे' नावाचे लहानसे मासेमारी बंदर आहे. 'काल्क' म्हणजे चुना. पूर्वी येथे शिंपले जाळून चुना करीत, त्यावरून हे नाव पडले. एका अंगाला डोंगर, दुसऱ्या अंगाला समुद्र आणि लाटांच्या अगदी कडेने गेलेले आगगाडीचे रूळ. धक्क्यावरच मासा घ्यायचा आणि तिथेच साफ करून मागायचा. फेकलेल्या आतड्यांसाठी पाण्यात सील प्राणी टपून बसलेले असतात.

केपचा मानाचा मासा म्हणजे 'स्नूक'. लांबट, चंदेरी, तेलकट आणि मोठ्या काट्यांचा. पण त्याची खरी आवक हिवाळ्यात. उन्हाळ्यात पिवळ्या शेपटीचा 'येलोटेल' चांगला मिळतो. आम्ही तोच घेतला. मासा पाठीकडून चिरून पुस्तकासारखा उघडतात, जाडे मीठ चोळून अर्धा तास ठेवतात आणि मग धुऊन कोरडा करतात. एक किलो माशाला ५० ग्रॅम लोणी वितळवून त्यात दोन मोठे चमचे जर्दाळूचा जाम, चार-पाच लसूण पाकळ्या ठेचून, एका लिंबाचा रस आणि थोडा मसाला. मासा जाळीत धरून आतली बाजू दोन-तीन मिनिटे शेकायची, मग कातडीची बाजू खाली करून वरून हे मिश्रण थोडे थोडे लावीत राहायचे. जाममध्ये साखर असल्याने तो करपतो, म्हणून ज्वाळ नको, निखारेच हवेत. सोबत गोड रताळी आणि पाव.

माशाला जाम! आम्ही आधी नाक मुरडले. पण घास तोंडात गेला आणि आंबट, गोड, तिखट, खारट सगळे एकदम जिभेवर आले. ही चव एका देशाची नाहीच. १६५२ साली डच व्यापारी कंपनीने केपला ठाणे वसवले आणि इंडोनेशिया, बंगाल, मलबार, श्रीलंका, मादागास्कर येथून माणसे गुलाम करून आणली. त्या माणसांनी दुसऱ्याच्या चुलीवर राबताना आपले मसाले मात्र सोडले नाहीत. लोणच्याला तिथे आजही 'अत्चार' म्हणतात, हा आपलाच 'अचार'. गुलामगिरी कायद्याने संपली ती १८३४ साली. मालकांचे हिशेबवहीतले नफे कोणाच्या लक्षात नाहीत, गुलामांची चव मात्र घराघरांत आहे.

पण ज्यांनी ही चव दिली, त्यांनाच पुढे किनारा बंद झाला. १९५३ च्या कायद्याने सार्वजनिक जागा वर्णानुसार वाटल्या गेल्या. वाळूवरही 'फक्त गोऱ्यांसाठी' अशा पाट्या लागल्या. तो कायदा १९९० साली रद्द झाला. हे ऐकताना १९२७ चे महाडचे चवदार तळे कोणाला आठवणार नाही? पाणी गोडे असो वा खारे, बंदीची रीत तीच. १९६७ साली काल्क बे गोऱ्यांचा भाग म्हणून जाहीर झाला आणि अनेक कुटुंबांना घरे सोडावी लागली. बंदराजवळच्या कोळ्यांच्या चाळवजा इमारतींतील लोक मात्र चिकाटीने टिकून राहिले.

वर्णभेद गेल्यावरही लढा संपला नाही. मासेमारीच्या परवान्यांत पारंपरिक कोळी वगळले गेले. ते समता न्यायालयात गेले. २००७ साली न्यायालयाने सरकारला नवे धोरण आखण्यास सांगितले, २०१२ मध्ये ते धोरण आले आणि २०१४ मध्ये कायद्यात दुरुस्ती होऊन लहान मच्छीमारांना स्थान मिळाले. अर्ज, दावा, पाठपुरावा आणि पुन्हा अर्ज. कचेरीत फायली हलवणाऱ्या आम्हांला या दहा वर्षांची किंमत चांगली कळते.

वाचक भगिनी-बंधूंनो, एप्रिल-मेच्या सुट्टीत वस्तीतल्या चार घरांनी मिळून हा बेत जरूर करावा. येलोटेल नसला तरी सुरमई किंवा हलवा चालेल. जर्दाळूचा जाम न मिळाल्यास आंब्याचा गोड मुरंबा थोडा घालावा. मुलांना निखाऱ्यापासून दूर बसवून या चवीची हकिकत सांगावी. आणि बाजारात कोळणीशी दोन-पाच रुपयांसाठी घासाघीस करू नये. समुद्रावर जाणाऱ्याच्या कष्टाचा तो मोबदला आहे.