अम्मीच्या दंडावरचा सेन्सर

गेल्या रमजानच्या आधी आम्ही भावंडं अम्मीला डॉक्टरांकडे घेऊन गेलो. वय 64, साखरेचा आजार 14 वर्षांचा, आणि रोजे सोडायला ती तयार नव्हती. डॉक्टरांनी गोळ्यांच्या वेळा बदलल्या, दंडाच्या मागे नाण्याएवढा सेन्सर चिकटवला आणि बजावलं, "साखर 70 च्या खाली किंवा 300 च्या वर गेली तर रोजा लगेच सोडायचा." अम्मीने मान हलवली. दूध बाजारातल्या आमच्या घरात त्या मान हलवण्याचा अर्थ सगळ्यांना ठाऊक आहे.

दुसऱ्याच रात्री दोन वाजता मोबाइल किंचाळला. 58! घर जागं झालं. अम्मीला उठवून खजूर भरवला, मग बोट टोचलं. ग्लुकोमीटर म्हणाला 118. मशीन खोटं, असं भाऊ म्हणाला.

खोटं नव्हतं. सेन्सरची केसाएवढी तार रक्तात नसते, कातडीखालच्या पाण्यात असते. तिथली साखर तारेवरच्या रसायनाशी भिडते, इवलीशी वीज तयार होते आणि त्या विजेचा आकडा होतो. अम्मी त्याच दंडावर झोपली होती. दाबामुळे तिथे साखर पोहोचलीच नव्हती. तेव्हापासून ती दुसऱ्या कुशीवर झोपू लागली.

मग काही दिवसांनी उलटा प्रकार झाला. मार्च महिना, नाशिकची द्राक्षं स्वस्त. इफ्तारच्या ताटांसाठी अम्मी घड सोलत बसली होती. सेन्सर 126, ग्लुकोमीटर 214. आता मीटरचं ऐकायचं की सेन्सरचं? आपाला सुचलं, अम्मीचे हात धुवून घेतले. पुन्हा टोचलं तर 129. बोटावरचा द्राक्षाचा रसच मोजला गेला होता. 2011 साली जपानी डॉक्टरांनी हेच तपासलं होतं: फळ सोलल्यावर स्पिरिटच्या बोळ्याने बोट पुसलं तरी आकडा फुगतो, पाण्याने धुतलं की बरोबर येतो.

पूर्वीच्या अशा सेन्सरना दिवसातून दोनदा बोट टोचून आलेला आकडा भरून द्यावा लागे, आणि सेन्सर त्याबरहुकूम स्वतःला जुळवून घेई. आमचा कारखान्यातूनच जुळवून आलेला, म्हणून वाचलो. नाहीतर द्राक्षाचे 214 त्याने खरे मानले असते आणि पुढचे कित्येक तास सगळे आकडे वर सरकवून दाखवले असते. साखर उतरली असती तरी अलार्म वाजला नसता.

खरी परीक्षा अकराव्या रोज्याला आली. असरची वेळ, सेन्सरवर 61. अम्मी कणीक मळत होती. "मला काही होत नाहीये. दोनच तास राहिलेत." आम्ही हात धुवायला लावले. मीटरवर 57. ना घाम, ना थरथर. ती रागावली, रडली, आणि शेवटी साखरेचं पाणी प्यायली. त्या संध्याकाळी आमच्याशी कुणाशी बोलली नाही.

डॉक्टरांनी सांगितलं ते ऐकून आम्हीच गप्प झालो. साखर पुन्हा पुन्हा उतरत राहिली की शरीर त्या खालच्या आकड्यालाच सवयीचं मानतं, आणि घाम-धडधडीचा इशारा उशिरा येतो किंवा येतच नाही. म्हणजे जुळणी बिघडली होती ती अम्मीच्या स्वतःच्या अलार्मची. आणि आम्ही इतकी वर्षं तिच्या "मला काही होत नाही"वर निर्धास्त होतो! काही आठवडे साखर उतरू दिली नाही तर ही जाण बरीचशी परतते, असंही ते म्हणाले. एक गोळी बंद झाली. उरलेले रोजे सोडायला अम्मी कशी तयार झाली, ते तिचं तिलाच माहीत. आम्ही विचारलं नाही.

ईदनंतर महिन्याभराने, दुसरा सेन्सर लावलेला असताना, दुपारी ती ओट्यापाशी थांबली. "हात थरथरतोय गं." मोबाइलवर 78 होते. बोट धुवून टोचलं, 66. कातडीखालच्या पाण्यातली साखर रक्ताच्या काही मिनिटं मागे असते. आपाने साखर कालवली. अम्मी ग्लास रिकामा करत होती, तेव्हा मोबाइल वाजला.