क्षार : एका शब्दाचे दोन संसार

मराठी माध्यमातून विज्ञान शिकलेल्या माणसाने हिंदी माध्यमाचे रसायनशास्त्राचे पुस्तक उघडले, तर सुरुवातीला त्याला फारसे अडखळावे लागत नाही. मराठीतील ‘आम्ल’ तेथे ‘अम्ल’ होते. फरक एका कान्याचा. पुढे ‘क्षार’ हा शब्द येतो, आणि ओळखीचा चेहरा पाहून हाक मारावी तो माणूस भलताच निघावा, तशी गत होते. मराठी पाठ्यपुस्तकात आम्ल आणि आम्लारी यांच्या अभिक्रियेतून क्षार व पाणी तयार होते. हिंदी पुस्तकात अम्ल आणि क्षारक यांच्या अभिक्रियेतून लवण व जल तयार होते, आणि जो क्षारक पाण्यात विरघळतो त्याला ‘क्षार’ म्हणतात. मराठीत जो अभिक्रियेच्या शेवटी हाती लागतो, तो हिंदीत अभिक्रियेच्या आरंभीच उभा असतो.

हा फरक केवळ कोशकारांच्या कौतुकाचा नाही. भोपाळ, इंदूर किंवा दिल्ली येथे राहणारा, घरी मराठी व बाहेर हिंदी बोलणारा एखादा प्रौढ विद्यार्थी दिवसभराचे काम उरकून परीक्षेची तयारी करतो. ‘क्षार लाल लिटमस निळा करतो’ असे त्याने हिंदी उत्तरपत्रिकेत लिहिले, तर उत्तर बरोबर. तेच वाक्य शब्दशः मराठी उत्तरपत्रिकेत उतरवले, तर ते चुकीचे. कारण मराठीत खाण्याचे मीठ हा क्षारच आहे आणि मिठाच्या पाण्याने लिटमसचा रंग बदलत नाही. जीवशास्त्रातही हीच अडचण पुढे येते. डीएनएच्या रेणूतील ॲडेनीन, थायमिन, ग्वानीन आणि सायटोसिन या घटकांना हिंदी पुस्तके ‘क्षारक’ म्हणतात. मराठी डोळ्याला त्यात मिठाची चव दिसू लागते, आणि पेशीच्या केंद्रकात क्षार साठवलेले आहेत असा भलता समज होऊन बसतो.

भारतीय भाषांत या शब्दाची वाटणी कशी झाली, हे पाहण्यासारखे आहे. बंगाली हिंदीच्या बाजूला आहे. तेथेही क्षार म्हणजे अल्कली आणि मीठवर्गीय पदार्थ म्हणजे लवण. तेलुगू आणि कन्नड यांनीही ‘लवण’ हाच शब्द स्वीकारला. गुजराती मात्र मराठीच्या पंक्तीला बसते. तिच्या शालेय पुस्तकांत ‘ॲसिड’ आणि ‘बेझ’ हे शब्द इंग्रजीतून जसेच्या तसे आले, पण ‘क्षार’ म्हणजे मराठीतला क्षारच. शब्द सगळीकडे एकच, तोही संस्कृतातून आलेला. मग अर्थाच्या दोन वाटा कशा झाल्या?

त्याचे उत्तर चुलीतल्या राखेत आहे. प्राचीन काळी क्षार म्हणजे वनस्पतींची राख पाण्यात कालवून, गाळून, ते पाणी आटवून मिळवलेला पदार्थ. सुश्रुतसंहितेच्या सूत्रस्थानात क्षार तयार करण्याच्या विधीला स्वतंत्र अध्याय दिलेला आहे. त्यासाठी उपयोगी पडणाऱ्या वनस्पतींमध्ये पळस, आघाडा, केळ, रुई अशी आजही शेताच्या बांधावर दिसणारी नावे आहेत. तेथे क्षाराचे मृदू, मध्यम आणि तीक्ष्ण असे प्रकार सांगितले आहेत. मूळव्याध, भगंदर यांसारख्या विकारांत शस्त्राऐवजी क्षार लावून दूषित भाग जाळून टाकीत. राखेच्या पाण्यात भाजलेले शिंपले व चुनखडी घातली की त्याची तीव्रता वाढते, हे त्या वैद्यांना ठाऊक होते. आजच्या भाषेत सांगायचे तर राखेतील पोटॅशियम कार्बोनेटपासून चुन्याच्या साहाय्याने दाहक पोटॅश तयार होत असे. आणि क्षाराने जाळलेल्या जागेची आग शमवण्यासाठी आंबट द्रव्ये वापरावीत, असेही तेथे सांगितले आहे. उदासिनीकरण हा शब्द घडण्यापूर्वी कितीतरी शतके त्याचा उपयोग जखमेवर होत होता. आचार्य प्रफुल्लचंद्र राय यांनी भारतीय रसायनविद्येच्या इतिहासावरील आपल्या ग्रंथात या विधीची आवर्जून दखल घेतली, त्यात नवल नाही.

‘अल्कली’ हा शब्दही राखेतूनच आला आहे. अरबी भाषेत खाऱ्या जमिनीत वाढणाऱ्या वनस्पतींच्या राखेला जे नाव होते, त्यावरून तो युरोपात गेला. मराठीने त्याला ‘अल्क’ असे सुटसुटीत रूप दिले. आसामात केळीच्या वाळवलेल्या सालींच्या राखेतून गाळलेले पाणी स्वयंपाकात घालतात. त्याला आणि त्यापासून होणाऱ्या पदार्थालाही ‘खार’ म्हणतात. सुश्रुताचा क्षार आसामच्या जेवणात अजून जिवंत आहे, तोही जवळजवळ मूळ अर्थाने.

आता खरी मेख पाहावी. राखेतून मिळणारे पोटॅशियम कार्बोनेट हे रचनेने पाहिले तर क्षारच आहे, म्हणजे हिंदीत लवण. कारण ते एका अल्कापासून व एका सौम्य आम्लापासून बनलेले आहे. पण ते पाण्यात विरघळले की ते पाणी लाल लिटमस निळा करते, बोटांना बुळबुळीत लागते, तेलकटपणा काढते. राखेने घासलेली भांडी लख्ख होतात ती याच गुणामुळे. रचना मिठाची, वागणूक अल्काची. ज्याने या पदार्थाला प्रथम क्षार म्हटले, त्याची काहीही चूक झालेली नव्हती. पदार्थच दोन्ही घरचा पाहुणा होता. पुढे रसायनशास्त्राने रचना आणि वागणूक यांची फारकत केली, तेव्हा दोन कल्पनांना दोन शब्द हवे झाले. हिंदीने जुन्या शब्दाची वागणूक उचलली, मराठीने रचना.

मराठीने असे का केले, याचे एक कारण तिच्या रोजच्या बोलण्यात सापडते. क्षाराचे मराठी रूप ‘खार’. आणि सज्जीखार, पापडखार, टाकणखार या वाण्याच्या दुकानातील वस्तूंमध्ये जुना अल्काचा अर्थ टिकून असला, तरी बाकी सगळीकडे खार म्हणजे मिठाची चव. खारट, खारे दाणे, खारे वारे, खारफुटी, लोणच्याचा खार. पैशांची झळ बसली की पदराला खार लागतो. इतक्या शब्दांनी मिठाच्या बाजूने साक्ष दिल्यावर परिभाषा करणाऱ्यांनी दुसरा निवाडा केला असता तर तो लोकांनी मानला असता की नाही, शंकाच आहे. केंद्र सरकारचा वैज्ञानिक व तांत्रिक शब्दावली आयोग १९६१ मध्ये स्थापन झाला. महाराष्ट्राचे भाषा संचालनालय त्याच्या आदल्याच वर्षीचे. दोन्हीकडे संस्कृतचाच आधार, पण घडलेले शब्द वेगळे. ‘आम्लारी’ हा मराठीचा शब्द मात्र दाद द्यावी असा आहे. मुराचा अरि तो मुरारी, तसा आम्लाचा अरि तो आम्लारी. वैर इतके गोडीचे की दोघे भेटले की एकमेकांचा दाह नाहीसा करतात, हे सोडले तर नाव अगदी चपखल.

दवाखान्यात हा शब्द आणखी एका रूपात भेटतो. ‘रक्तातले क्षार कमी झाले आहेत’ असे डॉक्टर म्हणतात, तेव्हा त्यांच्या मनात सोडियम, पोटॅशियम, क्लोराईड यांचे आयन असतात. निरोगी माणसाच्या रक्तात सोडियमचे प्रमाण लिटरमागे सुमारे १३५ ते १४५ मिलिमोल असते. जुलाबात पाण्याबरोबर हे क्षारही निघून जातात, म्हणून जलसंजीवनी द्यावयाची. जागतिक आरोग्य संघटनेने २००२ मध्ये स्वीकारलेल्या सूत्रानुसार एक लिटर पाण्यात मीठ २.६ ग्रॅम, ग्लुकोज १३.५ ग्रॅम, पोटॅशियम क्लोराईड १.५ ग्रॅम आणि ट्रायसोडियम सायट्रेट २.९ ग्रॅम असते. साखर चवीसाठी नसते. आतड्याच्या पेशीत ग्लुकोज आणि सोडियम जोडीने शिरतात व त्यांच्यामागून पाणी ओढले जाते. गंमत अशी की, पूर्वीच्या सूत्रात सायट्रेटच्या जागी खाण्याचा सोडा होता, आणि त्याचे काम जुलाबाने रक्तात वाढलेली आम्लता कमी करणे हे होते. जलसंजीवनीच्या एवढ्याशा पुडीत ‘क्षारा’चे मराठी आणि हिंदी असे दोन्ही अर्थ सुखाने नांदत होते.

दवाखान्यात चुकीचा अर्थ घेतला तरी औषध डॉक्टरच देतात, त्यामुळे निभावते. शेतात तसे होत नाही.

भारतात लवणांनी बाधित झालेली जमीन सुमारे ६७ लाख हेक्टर आहे, असा कर्नाल येथील संशोधन संस्थेचा अंदाज आहे. १९६९ मध्ये स्थापन झालेल्या या संस्थेचे हिंदी नाव ‘केंद्रीय मृदा लवणता अनुसंधान संस्थान’ असे आहे. मराठी माणूस त्याच लवणतेला क्षारता म्हणेल. अशा जमिनींचे ठळक प्रकार दोन. पहिल्या प्रकारात सोडियम, कॅल्शियम, मॅग्नेशियम यांची क्लोराईडे व सल्फेटे मातीत साचतात. उन्हाळ्यात वर पांढरा थर येतो. कृष्णाकाठी सांगली-कोल्हापूरकडे उसाला वर्षानुवर्षे अतोनात पाणी दिल्याने भूजल वर आले, त्यासोबत क्षारही वर आले आणि सोन्यासारख्या जमिनी क्षारपड झाल्या. अशा मातीत पाणी असूनही पिकाला मिळत नाही. बाहेरचे पाणी मुळातील रसापेक्षा अधिक खारे झाल्यामुळे परासरणाचा ओघ मुळाकडे नीट होत नाही, आणि ओल्या जमिनीत उभे पीक तहानेने सुकते.

दुसऱ्या प्रकारात विद्राव्य क्षार फारसे नसतात. सोडियम मातीच्या बारीक कणांनाच चिकटून बसलेला असतो. त्यामुळे कण एकमेकांपासून सुटतात, मातीतील छिद्रे बुजतात, पाणी आत मुरत नाही. ओली असताना चिखल आणि वाळल्यावर दगड. सामू ८.५ च्या वर जातो. मराठीत हिला चोपण जमीन म्हणतात. उत्तरेकडे अशी जमीन ‘ऊसर’ या नावाने ओळखली जाते. हिंदी पत्रकांत पहिली ‘लवणीय मृदा’ आणि दुसरी ‘क्षारीय मृदा’.

पांढुर्णा किंवा बऱ्हाणपूरकडील मराठी बोलणाऱ्या शेतकऱ्याच्या हाती असे हिंदी पत्रक आले आणि त्यात ‘क्षारीय मृदा’ हे शब्द त्याने वाचले, तर त्याच्या डोळ्यांपुढे क्षारयुक्त जमीन, म्हणजे पहिला प्रकार, उभी राहणे अगदी स्वाभाविक आहे. पण दोन्हींचे उपाय वेगळे आहेत. पहिल्या प्रकारात चर खोदून किंवा जमिनीखाली सच्छिद्र नळ्या घालून निचरा करावयाचा आणि चांगल्या पाण्याने क्षार धुऊन काढावयाचे; तेथे जिप्सम टाकणे म्हणजे पैसे मातीत घालणे. दुसऱ्या प्रकारात आधी जिप्सम हवे. त्यातील कॅल्शियम सोडियमची जागा घेतो, आणि सुटलेला सोडियम सल्फेटच्या रूपाने पाण्याबरोबर निघून जातो. जिप्सम न टाकता नुसतेच पाणी भरले, तर ते वरच साचून राहते. दोन्ही दोष असलेल्या क्षारयुक्त चोपण जमिनीत तर आणखी घोटाळा होतो. तेथे आधी नुसते पाणी देऊन विद्राव्य क्षार धुतले, की मातीचे कण सांधून ठेवणारा शेवटचा आधारही जातो आणि जमीन पूर्वीपेक्षा वाईट होते. एका विशेषणाचा अर्थ चुकल्याने हंगाम तर जातोच, जमीनही जाते.

२०१५ मध्ये सुरू झालेल्या मृदा आरोग्य पत्रिकेत सामू आणि विद्युत वाहकता अशा दोन स्वतंत्र नोंदी असतात. वाहकता विद्राव्य क्षारांचा अंदाज देते, सामू आम्ल-अल्काचा. मातीच्या संपृक्त अर्काची वाहकता दर मीटरला ४ डेसिसायमनच्या वर आणि सामू ८.५ च्या खाली असेल, तर जमीन क्षारयुक्त. वाहकता कमी पण सामू ८.५ च्या वर आणि मातीच्या कणांवरील सोडियमचे प्रमाण १५ टक्क्यांहून अधिक असेल, तर चोपण. पत्रिका कोणत्याही भाषेत असो, हे आकडे बदलत नाहीत.

कर्नालच्या संशोधकांनी चोपण जमिनीसाठी जी पद्धत रूढ केली, तिच्यात प्रथम शेत सपाट करून भोवती बांध घालतात, वरच्या थरात हेक्टरी १० ते १५ टन जिप्सम मिसळतात, काही दिवस पाणी साचवून ठेवतात, आणि मग पहिले पीक भाताचे घेतात. भाताला उभे पाणी चालते, आणि त्याच पाण्यातून सोडियम हळूहळू खाली जात राहतो. भातामागून गहू येतो. हिरवळीच्या खतासाठी धैंचा पेरतात. हरियाणा, पंजाब आणि उत्तर प्रदेश येथील कितीतरी पडीक ऊसर जमिनी या रीतीने पुन्हा लागवडीखाली आल्या आहेत.