टोकाला चिकटून

व्हर्जिनियातल्या अ‍ॅशबर्न गावात आमच्या घरापासून गाडीने दहा मिनिटांवर वॉशिंग्टनच्या फुटबॉल संघाचं सरावाचं मैदान आहे. पहिली दोन-तीन वर्षं मी त्या कुंपणाजवळून रोज ये-जा केली, पण आत काय चालतं याची कणभरही उत्सुकता वाटली नाही. आमच्या मिरजेत फुटबॉल म्हणजे गोल चेंडू आणि पाय. इथला चेंडू लांबट, तो हातात धरून पळायचं, आणि दर पाच-सात सेकंदांनी शिट्टी वाजली की सगळे पुन्हा घोळका करून उभे. याला खेळ म्हणायचं की मीटिंग, असं मी बायकोला विचारायचो.

हा खेळ मला शिकवला आमच्या मशिदीतल्या एका वयस्कर कृष्णवर्णीय गृहस्थांनी. इथे मशिदीत सगळेच एकमेकांचे 'ब्रदर', वयाचा हिशेब नाही. सत्तरीच्या माणसाला ब्रदर म्हणताना माझी जीभ अडखळायची, म्हणून मनातल्या मनात मी त्यांना चाचाच म्हणायचो. एका जुम्म्याला नमाजनंतर त्यांनी चपलांच्या रॅकपाशी पाच बूट ओळीने मांडले. "हे पाच पहिलवान. यांनी चेंडू झेलायचा नाही, फक्त समोरच्याला अडवायचं." त्यांच्या मागे एक मोठा बूट ठेवला. तो क्वार्टरबॅक, चेंडू फेकणारा, संघाचा राजा. मग माझी कोल्हापुरी उचलली आणि ओळीतल्या शेवटच्या बुटाला चिकटवून ठेवली. "हा टाइट एंड. रांगेच्या टोकाला चिकटून उभा राहतो. पहिलवानांबरोबर धक्के खायचे, आणि वेळ आली की सुटून पळत जाऊन चेंडूही झेलायचा." तेवढ्यात एक जण आला आणि त्याने त्या रांगेतला आपला बूट उचलून पायात घातला. चाचा म्हणाले, "ही झाली दुखापत."

कबड्डीच्या भाषेत सांगायचं तर चढाई आणि कोपरा, दोन्ही एकाच्याच गळ्यात. पण लोकांना चढाईचे गुण आठवतात. कोपऱ्यात कोणी पाय धरून ठेवला होता हे कोण लक्षात ठेवतं?

मी ज्याच्यात गुंतलो तो खेळाडू लोगन थॉमस. तो व्हर्जिनियाचाच, लिंचबर्गचा. साडेसहा फूट उंच, वजन एकशे दहा किलोच्या वर. व्हर्जिनिया टेक विद्यापीठाने त्याला घेतलं ते टाइट एंड म्हणून, पण तिथल्या प्रशिक्षकांनी त्याचा हात बघितला आणि त्याला क्वार्टरबॅक केलं. २०११ ते २०१३ अशी तीन वर्षं तो त्या संघाचा राजा होता. नऊ हजारांहून जास्त यार्ड फेक. चाचांना त्याचे तेव्हाचे सामने तोंडपाठ होते.

२०१४ मध्ये तो व्यावसायिक लीगमध्ये जायला निघाला तेव्हा बरेच जाणकार म्हणत होते, मुला, तुझी उंची आणि तुझा वेग बघ, तू टाइट एंड हो. धावण्याच्या चाचणीत ४० यार्ड ४.६१ सेकंदांत, त्या वर्षीच्या क्वार्टरबॅकांमध्ये सगळ्यात जलद. हात जोरदार, पण नेम भरवशाचा नाही, अशी त्याची ख्याती. त्याला क्वार्टरबॅकच राहायचं होतं. यावर पुढे लोक हसले. मला मात्र त्यात हसण्यासारखं काही दिसत नाही. बावीस वर्षांचा मुलगा, तीन वर्षं हजारो लोक त्याच्या हाताकडे बघत आलेले. त्याला सांगायचं की तो हात आता समोरच्याला ढकलायला वापर?

अ‍ॅरिझोनाने त्याला चौथ्या फेरीत, १२० व्या क्रमांकावर घेतलं. ऑक्टोबर २०१४ मध्ये डेन्व्हरला एक क्वार्टरबॅक आधीच जायबंदी, दुसरा सामन्यातच डोक्याला मार लागून बाहेर, म्हणून हा तिसरा आत गेला. त्याने एक आखूड पास दिला, आणि आंद्रे एलिंग्टन तो घेऊन पळत सुटला. ८१ यार्ड, टचडाउन. आणि क्वार्टरबॅक म्हणून त्याच्या नावावर लागलेला तो पहिला आणि शेवटचा पास. त्या हंगामात एकूण नऊ वेळा फेकला, एकदा जमला. राजेपणाचा सगळा जमाखर्च एवढाच.

पुढे अ‍ॅरिझोनाने सोडला. मायामीने उचलला, बाकावर बसवला. २०१६ मध्ये न्यूयॉर्क जायंट्सने घेतला आणि हंगामाआधी सोडला. हे 'सोडणं' कसं असतं ते सांगायला हवं. उन्हाळ्याच्या सरावाला प्रत्येक संघात ९० जण असतात, आणि ऑगस्टअखेर ५३ ठेवतात. म्हणजे प्रत्येक संघातून ३७ माणसं काही दिवसांत बाहेर, आणि असे संघ ३२. बहुतेकांचा करार कागदावर दोन-तीन वर्षांचा असतो, पण त्यातली फार थोडी रक्कम हमीची. ज्याला सोडलं त्याला दुसरा संघ घेऊ शकतो, नाहीतर सराव संघात ठेवतात. तिथे आठवडाभर खऱ्या खेळाडूंसमोर पुढच्या प्रतिस्पर्ध्याची नक्कल करायची आणि रविवारी कपडे बदलायचे नाहीत.

त्याच वर्षी तो डेट्रॉइटच्या सराव संघात आला, तो टाइट एंड म्हणून. नकार दिल्यापासून दोन वर्षांनी. पंचविशीत. तिथून बफेलोने त्याला आपल्याकडे नेलं. पुढच्या तीन हंगामांत, बफेलो दोन आणि परत डेट्रॉइट एक, त्याने झेललेले चेंडू मोजले तर ७, १२ आणि १६. वाचायला दोन सेकंद लागतात. तेवढ्या काळात त्याने शिकलेली गोष्ट म्हणजे पहिलवानाला अडवणं. पाय कुठे ठेवायचा, हात छातीच्या आत कसा घालायचा, हे बाकीची मुलं पंधराव्या वर्षी शिकतात. हा लग्न झालेला, मुलाबाळांचा बाप, विशीतल्या पोरांबरोबर त्याची उजळणी करत होता.

आता माझं.

मी डीबीए होतो. कंपन्यांचे डेटाबेस सांभाळायचं काम. पगार चांगला आणि मान त्याहून जास्त. रात्री दोन वाजता सिस्टिम बसली की मोठ्या मोठ्या माणसांचे फोन मला यायचे. मग सगळंच क्लाउडवर जायला लागलं आणि माझ्यासारखे चार जण कमी करून एक पुरायला लागला. २०१८ मध्ये मला विचारलं, डेटा सेंटरमध्ये रात्रपाळीला मॉनिटरिंग डेस्कवर बसाल का? म्हणजे भिंतीवरच्या हिरव्या ठिपक्यांकडे बघत बसायचं, लाल झाला की तिकीट टाकायचं आणि ज्याला कळतं त्याला उठवायचं. त्या 'ज्याला कळतं' मधला मी. नाही म्हणालो. तीन आठवड्यांत कंत्राट संपलं.

आमच्या व्हिसावर नोकरी गेली की ६० दिवस मिळतात. बायकोने फ्रिजवरच्या कॅलेंडरवर फुल्या मारायला सुरुवात केली. मुलीने विचारलं, ही इफ्तारची वेळ आहे का? एक्कावन्नाव्या फुलीला दुसरीकडे काम मिळालं, कमी पैशांत. मिरजेला काही कळवलं नाही. अब्बा दर रविवारी फोनवर विचारायचे, "काम वहीच है ना बेटा?" आणि मी म्हणायचो, "हाँ अब्बा, वहीच."

२०२० च्या उन्हाळ्यात, कोरोनाच्या ऐन भरात, त्या दुसऱ्या ठिकाणीही तोच प्रश्न आला. तेच डेस्क, तीच रात्रपाळी. या वेळी हो म्हणालो. मनापासून म्हणालो असं नाही, ते ६० दिवस पुन्हा मोजायची हिंमत नव्हती.

त्याच वर्षी मार्चमध्ये वॉशिंग्टनने लोगन थॉमसला घेतलं होतं. संघाने जुनं बदनाम नाव नुकतंच टाकलेलं, नवं ठरलेलं नाही. नुसतं 'वॉशिंग्टन फुटबॉल टीम'. स्टेडियम बहुतेक रिकामी. मशीद बंद, म्हणून चाचा आणि मी फोनवर सामने बघायचो. ते त्यांच्या सोफ्यावर, मी माझ्या. त्या हंगामात २९ वर्षांच्या या माणसाने ७२ चेंडू झेलले, ६७० यार्ड, ६ टचडाउन. आधीच्या तीन हंगामांची बेरीज ३५ होती हे लक्षात घ्या. डॅलसविरुद्ध तर एका फसव्या डावात चेंडू त्याच्या हातात दिला आणि त्याने टेरी मॅक्लॉरिनला २८ यार्डांचा पास फेकला, अगदी नेमका. चाचा फोनवर काही बोललेच नाहीत. मग म्हणाले, "हात तोच आहे."

७ डिसेंबरला पिट्सबर्गला सामना होता. पिट्सबर्ग तोपर्यंत अकराच्या अकरा सामने जिंकलेलं. वॉशिंग्टनचा क्वार्टरबॅक अ‍ॅलेक्स स्मिथ, ज्याच्या मोडलेल्या पायावर १७ शस्त्रक्रिया झाल्या होत्या आणि जो पुन्हा चालेल की नाही इथपर्यंत बोललं गेलं होतं. दोन दुरुस्त केलेली माणसं. शेवटच्या सत्रात स्मिथने १५ यार्डांवरून फेकलेला चेंडू थॉमसने झेलला आणि बरोबरी झाली. वॉशिंग्टन २३–१७ ने जिंकलं. त्या दिवशी त्याने नऊ चेंडू झेलले. मी मात्र त्यातले दोन-तीन डाव पुन्हा पुन्हा बघितले, ज्यात चेंडू त्याच्याकडे आलाच नव्हता; तो टोकाला चिकटून कोणालातरी अडवून धरत होता आणि मागून दुसरा कोणी पळत गेला. मग डबा घेतला आणि रात्रपाळीला निघालो.

इथे गोष्ट संपवली असती तर छान वाटली असती. पण जुलै २०२१ मध्ये त्याला तीन वर्षांचा, सुमारे २ कोटी ४० लाख डॉलरचा करार मिळाला आणि डिसेंबरात लास वेगासच्या संघाविरुद्ध गुडघा गेला. लिगामेंट तुटलं. परतला तो आधीचा राहिला नव्हता. सप्टेंबर २०२३ मध्ये डेन्व्हरला, म्हणजे नऊ वर्षांपूर्वी ८१ यार्डांचा पास दिला त्याच मैदानावर, टचडाउन झेलताना त्याच्या डोक्याला असा मार बसला की मारणाऱ्याला सामन्याबाहेर काढलं. गुण मात्र मिळाले. २०२४ च्या मार्चमध्ये वॉशिंग्टनने त्याला सोडलं. जूनमध्ये सॅन फ्रान्सिस्कोने घेतलं, आणि ऑगस्टच्या कपातीत पुन्हा नाव आलं. सातवा संघ.

त्या वर्षी आम्ही मिरजेला गेलो होतो. अब्बांचं शिवणकामाचं दुकान अजून आहे. एके काळी लग्नसराईत सुटासाठी लोक महिना महिना थांबायचे. रेडीमेड आल्यावर ते थांबलं. गेली वीस वर्षं ते पँटची उंची कमी करतात, चेन बदलतात, कंबर सैल करतात. बोर्डावर मात्र 'सूट स्पेशालिस्ट'. रंग उडाला म्हणून ते तो नव्याने करून घेत होते. मी तिथेच स्टुलावर बसून त्यांना सांगितलं, की मी आता ते काम करत नाही, चार वर्षं झाली, रात्री बसून भिंतीकडे बघतो. त्यांनी सुईत दोरा ओवून घेतला.

"पगार वक्त पे देते ना?"

"देतात."

"फिर?" म्हणाले, आणि शिडीवरच्या पेंटरला हाक मारली. सूट स्पेशालिस्ट तसंच ठेव, खाली जागा राहते तिथे बारीक अक्षरांत अल्टरेशन लिही. पेंटर म्हणाला, चाचा, बारीक अक्षराचेही तेवढेच पैसे पडतात. त्यावर त्यांची घासाघीस सुरू झाली आणि मला शिडी धरायला सांगितलं.