घड्याळापेक्षा डोळा

फणसवाडीतल्या आमच्या खोलीत भाच्याची काचेची टाकी आहे. क्रॉफर्ड मार्केटातून आणलेले झेब्रा मासे, तळाला गोट्या. गोट्या शोभेच्या नाहीत; पडलेली अंडी आईबापच गट्ट करतात, फटीत गेलेली तेवढी वाचतात. मासा मूळचा आपल्याकडचाच. फ्रान्सिस हॅमिल्टनने १८२२ साली गंगेच्या माशांवरच्या पुस्तकात त्याची नोंद केली. आता कुलाब्याला टीआयएफआर या संशोधन संस्थेतही त्याच्या भ्रूणाच्या त्वचेवर काम चालतं.

माझं कामही याच भ्रूणांवर. किमेल आणि सहकाऱ्यांचा वाढीच्या टप्प्यांचा १९९५चा तक्ता आम्ही सगळेच वापरतो: फलनानंतर पाऊण तासाला एकाच्या दोन पेशी, पुढे साधारण दर पंधरा मिनिटांनी दुप्पट, सहा तासांना शील्ड, चोविसाव्या तासाच्या सुमारास हृदयाची धडधड. नवी मुलं हे तास पाठ करून येतात. पण ते तास २८.५ अंशांचे. थंडीत आमच्या कामाच्या खोलीत पाणी २५ अंशांवर आलं, की चोवीस तासांच्या वाढीला तीस तास लागतात. ३३ अंशांना एकोणीसच पुरतात. शिवाय एकाच वेळी घातलेली अंडीसुद्धा एका चालीनं वाढत नाहीत. म्हणून आधी भ्रूण बघायचा, मग घड्याळ.

बघण्याची खरी परीक्षा शील्डला. पेशींचा थर बलकावरून खाली उतरत निम्म्यावर येतो आणि जरा थबकतो. कडेला जाडसर कडं दिसतं. मग त्या कड्यावर एकाच जागी पेशी दाटतात, ती शील्ड. पाठीची बाजू ती. तोवर पाठ कुठली, पोट कुठलं, नुसतं बघून सांगता येत नाही. अंडं जेमतेम ०.७ मिलिमीटरचं, आणि शील्ड नेमकी समोर किंवा मागे असली तर चटकन लक्षातच येत नाही. केस चिकटवलेल्या काडीनं भ्रूण हलकेच फिरवायचा, वरून बघायचा, पुन्हा कुशीवर घ्यायचा. आमच्या कामातलं निम्मं कसब या फिरवण्यात आहे, असं माझं मत.

दहा तासांनंतर सोपं होतं: सोमाइट, म्हणजे धडावर ओळीनं उमटणारे पेशींचे ठोकळे, मोजायचे; तासाला साधारण दोन वाढतात. चोवीस तासांनंतर डोकं आणि धड यांतला कोन बघायचा. डोकं हळूहळू वर उचललं जातं.

भाच्याला मात्र पिल्लू बाहेर कधी येतं एवढ्यातच रस. इथे आमचं जमत नाही. एकाच वेळची भावंडं दुसऱ्या-तिसऱ्या दिवसात कधीही बाहेर पडतात, त्यावरून वाढ काय कळणार? वहीत मी छातीचा पर किती लांब झाला ते लिहिते.