रब्बीवांचून राखलेला धर्म

'रब्बी' हा हिब्रू शब्द असून त्याचा मूळ अर्थ 'माझे गुरु' असा आहे. धर्मशास्त्राचें अध्ययन करून निर्णय देण्याचा अधिकार पावलेल्या पुरुषास यहुदी लोक ही पदवी देतात. आमच्या कुटुंबांत एके काळीं शास्त्रीबोवांचें जें स्थान होतें, तेंच बव्हंशीं त्यांच्या समाजांत रब्बीचें. तथापि शतकानुशतकें ज्यास एकहि रब्बी लाभला नाहीं आणि तरीहि ज्यानें आपला धर्म सोडला नाहीं, असा एक यहुदी समाज आमच्याच कोंकणांत नांदत आला आहे. तो म्हणजे बेने इस्रायल समाज. आम्हां भिवंडीकरांस तो परका नाहीं. खाडीपलीकडे ठाण्यास 'शआर हाशामाईम', म्हणजे 'स्वर्गाचें द्वार', या नांवाचें त्यांचें प्रार्थनामंदिर १८७९ पासून उभें आहे.

त्यांची परंपरा अशी सांगते कीं, अलिबागेजवळ नवगांवच्या किनाऱ्यावर त्यांच्या पूर्वजांचें गलबत फुटलें. सात पुरुष व सात स्त्रिया एवढींच माणसें वांचलीं आणि बरोबरचें सर्व कांहीं समुद्रानें गिळलें. पुढें त्यांचे वंशज कुलाब्याच्या खेड्यांतून तेलाचे घाणे चालवूं लागले. शनिवारीं घाणा बंद ठेवीत, म्हणून लोक त्यांस 'शनवार तेली' म्हणत. भाषा मराठी झाली, स्त्रियांचा पेहराव मराठी झाला, आडनांवेंहि किहीमकर, दिवेकर, राजपूरकर अशीं गांवांवरून पडलीं. हिब्रू मात्र विसरली. उरलें तें एवढेंच: शनिवारची विश्रांति, आठव्या दिवशीं मुलाची सुंता, खाण्यापिण्याचे निर्बंध, कांहीं सण, आणि ईश्वराच्या एकत्वाची ग्वाही देणारें 'शेमा' हें वचन. वेदाची एखादी शाखा लुप्त व्हावी आणि तिचें एकच सूक्त एखाद्या घराण्याच्या मुखीं राहावें, तसेंच हें झालें.

हें शेष राखलें कोणीं? दाविद राहाबी नांवाच्या पुरुषाची जी कथा या समाजांत सांगतात, तींत याचें उत्तर आहे. हे लोक खरोखर यहुदी आहेत कीं नाहींत, हें पाहण्यासाठीं त्यानें म्हणे घरांतील स्त्रियांस मिश्र मासळी रांधावयास दिली. स्त्रियांनीं खवले व पर नसलेले मासे बाजूस काढले. ते आम्ही खात नाहीं, म्हणून सांगितलें. त्यावरून त्याची खात्री पटली. राहाबीच्या काळाविषयीं अभ्यासकांत मतभेद आहेत. परंतु कथेचें मर्म त्यामुळें कमी होत नाहीं. पोथी नव्हती, पाठशाळा नव्हती, शास्त्री नव्हता. होती ती चूल, आणि चुलीपुढें बसणारी गृहिणी. राहाबीनें पुढें झिराडकर, शापूरकर व राजपूरकर या घराण्यांतील तिघां तरुणांस शिकवून काजी नेमलें, असें सांगतात. हे काजी लग्नें लावीत व तंटे तोडीत.

अठराव्या शतकाच्या अखेरीस या समाजांतील पुष्कळ पुरुष कंपनी सरकारच्या पलटणींत होते. त्यांपैकीं सामाजी हसाजी दिवेकर हे टिपू सुलतानाच्या कैदेंतून जीवानिशीं सुटले आणि १७९६ सालीं त्यांनीं मुंबईस मांडवी भागांत समाजाचें पहिलें प्रार्थनामंदिर बांधलें. लोक त्यास 'मशीद'च म्हणत. शेजारच्या रेल्वे स्टेशनास मस्जिद हें नांव त्यावरूनच पडलें, असें सांगतात. मंदिर झालें, परंतु त्यांतील हिब्रू प्रार्थनेचा अर्थ जाणणारा मिळणें अजून कठीण होतें. कोचीनहून कांहीं यहुदी शिक्षक येत. रेव्हरंड जॉन विल्सन यांनीं १८३२ सालीं या लोकांसाठीं मराठींतून हिब्रूचें व्याकरण प्रसिद्ध केलें. मिशनऱ्यांचा हेतु अर्थातच धर्मांतराचा होता. परंतु शिष्यांनीं विद्या तेवढी घेतली आणि धर्म आपलाच ठेविला.

अशा शिष्यांमध्यें अग्रगण्य म्हणजे जोसेफ इझेकिएल राजपूरकर. जन्म १८३४, मृत्यु १९०५. मुंबईस स्कॉटिश मिशनच्या विद्यालयांत त्यांचें शिक्षण झालें. नंतर ते डेव्हिड ससून यांच्या नांवानें चालणाऱ्या यहुदी शाळेंत शिक्षक झाले आणि सुमारें चाळीस वर्षें तेथील हेडमास्तर होते. ही शाळा मुख्यत्वें बगदादी यहुद्यांच्या मुलांची. १८३६ मध्यें, म्हणजे राजपूरकर दोन वर्षांचे असतांना, मुंबईंतील कांहीं बगदादी यहुद्यांनीं दफनभूमींत आपल्या व बेने इस्रायलांच्या कबरींमध्यें भिंत घालावी, असा अर्ज सरकारकडे केला होता. ज्यांच्या मृतांचाहि शेजार नको होता, त्यांतीलच एक पुरुष पुढें त्यांच्या मुलांचा गुरु झाला! कोणाशीं वाद न घालतां केवळ विद्येच्या बळावर असें उत्तर देतां येतें, हें आम्हां शिक्षकवर्गास विशेष भूषणावह वाटतें. मुंबई विश्वविद्यालयानेंहि त्यांस हिब्रूचे परीक्षक नेमलें.

परंतु त्यांचें चिरस्थायी कार्य शाळेबाहेरचें होय. नित्याच्या व सणावारांच्या हिब्रू प्रार्थना त्यांनीं मराठींत आणिल्या. अशीं त्यांचीं भाषांतरें वीसांहून अधिक आहेत. त्यांच्या काळीं हें काम इतरांनींहि चालविलें होतें. वल्हांडण सणाच्या रात्रीं वाचावयाची हग्गादा १८७४ सालीं पुण्यास मराठी भाषांतरासह छापली गेली. हाईम सॅम्युएल किहीमकर यांनीं १८७५ सालीं समाजाच्या मुलांसाठीं मुंबईस शाळा काढली आणि १८९७ मध्यें समाजाचा इतिहास लिहून पुरा केला. तो त्यांच्या पश्चात् १९३७ सालीं प्रसिद्ध झाला. बायबलांतील कथांवर मराठी कीर्तनेंहि याच काळांत होऊं लागलीं.

येथें एखादा शास्त्रनिष्ठ वाचक म्हणेल कीं, देववाणी ती देववाणी. तिचें प्राकृत केल्यानें तेज उणें होतें. आम्हीं जन्मभर संस्कृत शिकविलें आहे. मूळ शब्दाचें सामर्थ्य आम्ही जाणतों. परंतु अर्थावांचून केलेलें पठण पुढच्या पिढीस बांधून ठेवीत नाहीं, हेंहि आम्हीं अनेक घरांतून पाहिलें आहे. आजोबा संध्या करीत, वडील आचमनापुरते बसत, नातवास पळी-पंचपात्र कशासाठीं तें ठाऊक नाहीं. राजपूरकरांनीं मूळ प्रार्थना मोडीत काढली नाहीं. मंदिरांत हिब्रूच राहिली. मराठी तिची टीका झाली. माजघरांतील ज्या स्त्रीनें इतकीं शतकें आचार सांभाळिला, तिच्या हातीं त्या आचाराचा अर्थ प्रथमच आला.

या अर्थाची कसोटी पुढें निराळ्याच रीतीनें लागली. १९४८ सालीं इस्रायलचें राज्य स्थापन झाल्यावर या समाजांतील बहुसंख्य कुटुंबें हळूहळू तिकडे गेलीं. तेथें मात्र रब्बी होते! १९६२ मध्यें मुख्य रब्बींच्या कार्यालयानें असे आदेश काढले कीं, बेने इस्रायलांशीं विवाह लावण्यापूर्वीं त्यांच्या वंशाची चौकशी करावी. ज्यांच्या पूर्वजांनीं रब्बीवांचून धर्म राखिला, त्यांच्याच लेंकी-सुनांच्या यहुदीपणाविषयीं शंका घेण्यांत आली. समाजानें जेरुसलेमेंत सत्याग्रह मांडला. अखेर १९६४ सालीं तेथील कायदेमंडळानें ठराव करून बेने इस्रायल हे सर्व बाबतींत इतर यहुद्यांच्या बरोबरीचे आहेत, असें घोषित केलें.

आज भारतांत सर्व मिळून यहुदी फार तर चार-पांच हजार उरले असावेत. महाराष्ट्र सरकारनें २०१६ सालीं त्यांस अल्पसंख्य समाज म्हणून मान्यता दिली. तिकडे गेलेल्यांनीं 'मायबोली' या नांवानें मराठी नियतकालिकहि चालविलें. नवस फेडतांना पोहे, खोबरें व फळें मांडून एलियाहू पैगंबराच्या नांवानें मलिदा करण्याचा प्रघात दोन्ही देशांत आहे.

राजपूरकरांस रब्बीची पदवी कोणीं दिली नाहीं, आणि त्यांनीं ती मागितलीहि नाहीं. परंतु 'माझे गुरु' हा त्या शब्दाचा मूळ अर्थ धरला, तर ती पदवी त्यांस द्यावी आणि त्यांच्या आधीं, मासळी निवडून बाजूस ठेवणाऱ्या त्या कोंकणी गृहिणींसहि द्यावी. आमच्या एकत्र कुटुंबांतून शास्त्रीबोवांचें येणें-जाणें आतां फारसें राहिलें नाहीं. तेव्हां घरांतील वडीलधाऱ्यांनीं निदान एखाद्या स्तोत्राचा, एखाद्या सणाचा अर्थ रोज सायंकाळीं मुलांस सांगावा. कोंकणांतील या लहानशा समाजाचें तेल फार थोडें होतें. पण त्यानें दिवा विझूं दिला नाहीं.